पाच कोडी

शंभरातून सात वजा करा, मी म्हणाले.
सुपडाबाईंनी पदर बरगडीपासून चार बोटं लांब धरला,
कापड टेकलं की तिथं जाळ होतो.
"त्र्याण्णव," म्हणाल्या, आणि कूलरकडे बघत राहिल्या.
आता त्यातून सात?
"कशातून?"

बेटावदहून धुळ्यापर्यंत एस.टी.त उभ्यानं आलेल्या.
नागीण मार्गशीर्षात उठली. गेरू लावून झाला,
फोड सुकले, गव्हाळ डाग राहिले,
डागांखाली ती अजून सरपटते.
मुलगा भटू भराभर सांगत होता:
आई विसरते, भाजीत दोनदा मीठ,
गॅस चालू, नातवाला मामाच्या नावानं हाक.
चिठ्ठीवर कुणीतरी आधीच लिहून दिलेलं,
स्मृतिभ्रंश, पुढे प्रश्नचिन्ह,
इतकं बारीक की भटूला दिसलंही नसेल.

तीन शब्द दिले होते: पितळ, चाक, लिंबू.
पाच मिनिटांनी विचारले.
"लिंबू. बाकीना दोन तुम्ही बोलनात तव्हळ
ती चावी ऱ्हायनी व्हती."

मग तो तक्ता काढला, शून्य ते दहा,
हसऱ्या तोंडापासून रडक्या तोंडापर्यंत.
त्यांनी पहिल्यावर बोट ठेवलं.
"हाऊ कोन हसस?"
मला उत्तर देता आलं नाही.
पाढे येतात का, एवढंच विचारलं.
"माले पाढा येस," कपाळावर टिचकी मारत म्हणाल्या,
"पन आते तठे दुखनं बठेल से."

मी बेरीज केली: तिसात सतरा.
रात्री घरी पुन्हा केली तर एकोणीस.
त्या दिवशी माझी दाढ ठणकत होती.
माझ्या कागदावर कुणी प्रश्नचिन्ह काढलं नाही.

वीस दिवसांनी आल्या. दुखणं नवावरून दोनवर.
भटू खूश: आई आता शांत असते.
शांत म्हणजे भिंतीला टेकून पेंगत,
जीभ जड, चप्पल उलटसुलट.
शंभरातून सात म्हटलं तर गोड हसल्या,
तक्त्यावरच्या त्या शून्यासारख्या.
मी पेन खाली ठेवलं.
आधी पाढ्याच्या जागी दुखणं बसलं होतं,
आता तिथं गोळी झोपली होती.

खालच्या मजल्यावर डॉक्टरांशी बोलून
गोळी निम्मी करून आणली. भटू कुरकुरला.
त्या मात्र पेंगेतून वर येत म्हणाल्या,
"थोडं दुखू द्या, डाक्तरीनबाई,
पन माले मोजू द्या."
काय मोजायचं ते तेव्हा विचारायचं राहून गेलं.

चैत्रात आल्या त्या डबा घेऊन. ज्वारीच्या बिबड्या,
खाटेवर वाळवलेल्या, रोजच्या पाच कोडी.
शंभर नाही म्हणायचं, म्हणाल्या, पाच कोडी म्हणा.
म्हटलं बरं, पाच कोडीतल्या सात शेळीनं खाल्ल्या.
"चार कोडी नि तेरा."
आणखी सात.
"चार कोडी सहा. बांधी ठेवा ना शेळीले!"
आणखी सात.
इथं त्यांनी हात वर केला, थांबा.
डोळे मिटले. बरगडीवरून ती निघाली असावी,
डावीकडून पाठीकडे, आपल्या नेहमीच्या वाटेनं.
मीही श्वास धरून बसले.
"तीन कोडी एकोणीस."

बरोबर लिहिलं.
थांबण्यासाठी त्या कागदावर रकाना नाही,
म्हणून समासात लिहिलं: वाट पाहिली तर येतं.
मूळ चिठ्ठीवरच्या प्रश्नचिन्हावर रेघ नाही ओढली,
तेवढी खात्री अजून नाही.
तीन महिन्यांनी पुन्हा बघू म्हणाले.

दारापर्यंत गेल्या आणि वळल्या.
"तुमनी दाढ कशी से आते?"
कोणती दाढ?
"पहिले ऊनू तव्हळ
डावा गालवर हात धरीसन
लिखी ऱ्हायन्या व्हत्यात ना."